अरबा की अरावा?

विशेषनामाचे भाषांतर करायचे नसते, केवळ लिप्यंतर करायचे असते, असा अनुवादमीमांसेतला रूढ संकेत आहे. एकाच भूमीला दोन भाषांत दोन नावे असली, की हा संकेत अपुरा पडतो. लिप्यंतर कोणाच्या नावाचे, हे आधी ठरवावे लागते. मृत समुद्रापासून दक्षिणेस अकाबाच्या आखातापर्यंत सुमारे १६५ किलोमीटर पसरलेल्या वाळवंटी दरीविषयीचा एक इंग्रजी प्रवासलेख मराठीत आणताना हा प्रश्न माझ्यापुढे उभा राहिला. अरबीत ती 'वादी अरबा', हिब्रूत 'हा-अरावा'.

वस्तुतः ही एकाच सेमिटिक शब्दाची दोन रूपे. दोहोंच्या आरंभीचे कंठ्य व्यंजन देवनागरीत नाही. ते 'अ'मध्ये विरून जाते. उरतो तो 'ब' आणि 'व' यांतला भेद. उपपदांची अडचण निराळीच. 'वादी' म्हटले की मराठी वाचकाला न्यायालय आठवते आणि 'हा' हे निश्चयवाचक उपपद त्याला दर्शक सर्वनाम वाटते.

मराठी बायबलातले 'अराबा' हे रूप हाताशी होते. ते हिब्रू संहितेतून आलेले, तरी कानाला अरबीच्या जवळचे. म्हणून तटस्थ भासणारे. परंतु प्राचीन नावाचा आश्रय घेणे तटस्थ असते काय? १९४९ मध्ये बेन-गुरियन यांनी नेगेव प्रदेशातील स्थळांना हिब्रू नावे देण्यासाठी समिती नेमली. नकाशावरची शेकडो अरबी नावे त्यातून बदलली गेली. याच दरीतले 'ऐन घद्यान' पुढे 'योतवाता' झाले; हे नाव बायबलातलेच. 'ऐन हुस्ब'चे 'हात्सेवा' झाले. धर्मग्रंथातले नाव वर्तमान भूमीवर ठेवताच मधल्या शतकांतली वस्ती आणि तिची भाषा अदृश्य होते. 'अराबा' स्वीकारले असते, तर मराठीतही तेच घडले असते.

नाव बोलणाऱ्याची जागा सांगते. २६ ऑक्टोबर १९९४ रोजी इस्रायल आणि जॉर्डन यांच्यातील शांतता-करारावर याच दरीतल्या सीमानाक्यावर सह्या झाल्या. जॉर्डनमध्ये तो आजही 'वादी अरबा करार' म्हणून ओळखला जातो. तेथे 'अरावा' लिहिणे म्हणजे उच्चारणाऱ्याच्या तोंडून त्याचा शब्द काढून घेणे होय.

म्हणून मी एकरूपतेचा आग्रह सोडला. बेदुइन मेंढपाळाच्या बोलण्यात 'वादी अरबा' ठेवले, किब्बुत्सवरील शेतकऱ्याच्या बोलण्यात 'अरावा'. निवेदकाच्या वाक्यांत प्रथमोल्लेखी दोन्ही नावे दिली, पुढे नुसती 'दरी'. जेथे नाव बदलले गेले आहे, तेथे जुने नाव नव्याच्या शेजारी राहू दिले. मुद्रितशोधकाने यास विसंगती म्हटले. वाचकाला या दोन दऱ्या आहेत असे वाटेल, ही त्याची शंका रास्त होती. तरीही मजकूर मी तसाच ठेवला. वाचक क्षणभर अडखळला, तर या दरीच्या नावाबाबत तेथली माणसेही एकमत नाहीत, हे त्याला नकाशाहून अधिक नेमके कळेल.