प्रतिरूपक व्यवहार



अचौर्याणुव्रताच्या पाच अतिचारांत शेवटचा प्रतिरूपक व्यवहार, म्हणजे नकली माल अस्सल म्हणून खपवणे. स्वाध्यायात उदाहरण बहुधा तुपातल्या भेसळीचे निघते. मला मात्र हॉलंडचा चित्रकार हान व्हान मेगेरेन आठवतो.

त्याने सतराव्या शतकातले कॅनव्हास मिळवले, त्यावरचे चित्र खरवडले, रंगात बेकलाइटचे रसायन मिसळले आणि नवे चित्र काढून चक्क भट्टीत भाजले. जुना तैलरंग स्पिरिटने विरघळत नाही, ताजा विरघळतो. भाजल्यामुळे याचा ताजा रंगही टिकला. मग तडे पाडून त्यांत शाई भरली. (एवढी चिकाटी स्वतःच्या चित्रांसाठी वापरली असती तर!) वर सही व्हर्मीरची. ती झाली सत्याणुव्रतातली कूटलेखक्रिया.

१९३७ मध्ये ब्याऐंशी वर्षांच्या अब्राहम ब्रेडियस यांनी, म्हणजे त्या विषयातल्या अधिकारी माणसाने, ते चित्र अस्सल ठरवले. रॉटरडॅमच्या बॉयमन्स संग्रहालयासाठी ते ५,२०,००० गिल्डरना घेतले गेले. व्हर्मीरने तरुणपणी धार्मिक चित्रे काढली असणार, असे जाणकारांना वाटतच होते. हवे तेच समोर आले.

मी कॉमर्सची. ऑडिटमध्ये आधी व्हाउचर मागतात. इथे चित्र आले कुठून, तर म्हणे एका घराण्याकडून, नाव गुप्त! ड्युव्हीन या व्यापारी पेढीच्या माणसांनी मात्र ते पाहून नकली असल्याची तार न्यूयॉर्कला केली होती. पण पंडितांपुढे दुकानदाराचे कोण ऐकतो?

पुढे त्याचा एक 'व्हर्मीर' नाझी गोअरिंगकडे गेला, आणि मोबदल्यात आली लुटीची चित्रे. चोरीचा माल घेणे हाही अतिचारच. १९४५ मध्ये राष्ट्राचा ठेवा शत्रूला विकला म्हणून अटक झाली, तेव्हा त्याने खरे सांगितले आणि पहाऱ्यात तसेच चित्र काढून दाखवले. १९४७ मध्ये एक वर्षाची शिक्षा झाली, ती भोगण्याआधीच तो वारला.

गोअरिंगला फसवले म्हणून लोकांनी त्याला डोक्यावर घेतले. मला ते पटत नाही. गोअरिंगच्या कितीतरी आधी त्याने स्वतःच्याच देशाचे संग्रहालय फसवले होते. ते चित्र आजही बॉयमन्सकडेच आहे, आता व्हान मेगेरेनच्या नावाने.