थांबण्याची ऐपत

१६३६ च्या मे महिन्यात शहाजहान आणि विजापूरचा मुहम्मद आदिलशहा यांच्यात तह झाला. निजामशाही बुडाली होती, तिची वाटणी उरकायची होती. त्या वाटणीत भीमा आणि नीरा या नद्यांमधला, वर चाकणपर्यंतचा मुलूख विजापूरच्या पदरात पडला. माझं लोणी देवकर याच दोन नद्यांच्या मधे आहे. भीमा आमच्या उत्तरेला, आता उजनी धरणाच्या फुगवट्यानं रुंदावलेली. नीरा दक्षिणेला. तालुका संपतो तिथे, नरसिंगपूरला, दोघींचा संगम. त्या वर्षी इथल्या कुणब्यानं मृगावर पेरलेल्या बाजरीचा सारा कोणत्या दरबारात जमा व्हायचा, हे त्याला न विचारता परस्पर ठरून गेलं होतं.

इतिहास शिकवण्यात माझी नोकरी गेली. वर्गात तह म्हणजे नाव, साल आणि अटी. परीक्षेत तेवढंच विचारतात, म्हणून मुलंही तेवढंच लिहितात. पण याच तहात आणखी एक कलम होतं. शहाजीराजे जुन्नर, त्र्यंबक वगैरे किल्ले सोडत नाहीत तोवर विजापूरनं त्यांना चाकरीत घ्यायचं नाही. राजे माहुलीला शेवटपर्यंत झुंजले. किल्ले सोडल्यावरच ते आदिलशाहीत गेले आणि पुणे-सुप्याची जहागीर नव्या धन्याखाली चालू राहिली. इंदापूरच्या गढीपाशी सहल नेली की एखादी मुलगी हमखास विचारायची, "बाई, मालोजीराजे निजामशाहीसाठी लढले, मग शहाजीराजे विजापूरकडे का गेले?" तिला मी स्वभाव, निष्ठा, महत्त्वाकांक्षा यातलं काहीच सांगत नसे. तहाचं कलम दाखवत असे. बाकीचे दरवाजे त्या कागदानं आधीच बंद केले होते.

लढाई वाचायला नकाशा लागतो, तह वाचायला जंत्री. एवढं एक सूत्र धरून मी वाचत आले. राजवाड्यांचे साधनांचे खंड, वासुदेवशास्त्री खऱ्यांचा ऐतिहासिक लेखसंग्रह, सरदेसायांनी संपादित केलेली पेशवे दफ्तराची निवडक कागदपत्रं यांपैकी काहीही हातात असो, शेजारी एक वही असते. तिच्यात रकाने आखलेले. गोष्ट घडली कधी, पत्र लिहिलं कधी, पोचलं कधी. छापील इतिहासात या तीन तारखा एका वाक्यात कालवल्या जातात. त्या वेगळ्या केल्या की निम्मं राजकारण आपोआप उलगडतं.

जुन्या पत्रांची तारीख काढायचं तंत्र एकदा जमलं की त्याची गोडी लागते. समजा, पत्रावर सुहूर सन दिलाय, तिसा सबैन मया व अलफ. तिसा म्हणजे नऊ, सबैन सत्तर, मया शंभर, अलफ हजार. बेरीज ११७९. पत्र जानेवारी ते मे यांमधलं असेल तर त्यात ६०० मिळवायचे, मृगानंतर डिसेंबरपर्यंतचं असेल तर ५९९. म्हणजे हे वर्ष जून १७७८ पासून मे १७७९ पर्यंत चाललं. हा सन मृग नक्षत्रापासून सुरू होतो, जूनच्या पहिल्या आठवड्यात. सरकारी वर्षाची सुरुवात आणि पेरणीची सुरुवात एकच. आणि मोहिमेचा शेवटही तोच, कारण भीमेला पाणी आलं की तोफा पलीकडे न्यायच्या कशा? पानिपत जानेवारीत झालं, वडगाव जानेवारीत, खर्डा मार्चमध्ये, खडकी दसरा उलटल्यावर नोव्हेंबरात. पुरंदरचा तह मात्र जूनच्या मध्यावर आहे, १६६५ सालचा. मिर्झाराजे जयसिंगाच्या छावणीवर पाऊस येऊन ठेपला होता, त्याला पुढे विजापूरवर जायचं होतं. शिवाजी महाराजांचा वज्रगड गेला होता, मुरारबाजी पडले होते, पुरंदरावर कुटुंबकबिले अडकले होते. घाई दोघांनाही होती, पण महाराजांना जास्त. म्हणून तेवीस किल्ले गेले आणि बारा राहिले. १६७० च्या फेब्रुवारीत कोंढाणा परत आला तेव्हा घाईची बाजू पालटली होती. बादशहाचं पुष्कळसं लक्ष आणि खजिना दुसरीकडे गुंतलेला होता.

कांदा चाळीत ठेवता येतो त्याला भाव मिळतो. काढणीच्या दिवशीच विकावा लागतो त्याला व्यापारी सांगेल तो दर घ्यावा लागतो. आमच्याकडच्या कुठल्याही शेतकऱ्याला हे शिकवावं लागत नाही. तहाचंही तेच आहे. कोणाची फौज किती, यापेक्षा कोणाला किती दिवस थांबणं परवडतं, हे आधी पाहावं.

राघोबादादांना ते परवडत नव्हतं. नारायणराव पेशव्यांच्या खुनानंतर पुण्याच्या बारभाई कारभाऱ्यांनी त्यांना एकटं पाडलं आणि ६ मार्च १७७५ ला त्यांनी सुरतेला इंग्रजांशी तह केला. साष्टी-वसई देऊ केली, सहा लाखांचं जवाहीर तारण ठेवलं आणि पेशवाई मिळवायला अडीच हजारांची फौज मागितली. तह केला मुंबईकर इंग्रजांनी. पण १७७३ च्या कायद्यानं लढाई आणि तह यांचा अधिकार कलकत्त्याकडे गेला होता. कलकत्त्यानं तो तह झिडकारला, कर्नल अप्टनला पाठवलं आणि १ मार्च १७७६ ला पुरंदरावर सखाराम बापू आणि नाना फडणीस यांच्याशी दुसराच तह झाला. आता तिसरा रकाना उघडायचा. लंडनच्या संचालकांनी सुरतेचा तह पसंत केल्याचं पत्र मुंबईला पोचलं ते त्याच वर्षीच्या ऑगस्टमध्ये. लिहिणाऱ्यांनी ते लिहिलं तेव्हा पुरंदर त्यांच्या स्वप्नातही नव्हतं. मुंबईकरांना मात्र हे शिळं पत्र हवंच होतं. त्याच्या जोरावर त्यांनी राघोबांचा घोळ पुन्हा चालू केला.

त्या घोळातून वडगाव घडलं. इंग्रजी फौज बोरघाट चढून आली. कार्ल्याजवळ कॅप्टन स्टुअर्ट, आपला 'इष्टुर फाकडा', ४ जानेवारी १७७९ ला पडला. पुढे तळेगावला पोचावं तर गाव जाळून मोकळं केलेलं, दाणावैरण नाही. पुण्याचं तोंड दिसण्याआधीच फौज फिरली, जड तोफा तळ्यात ढकलून. वडगावला वेढली गेली तेव्हा करार करणं भाग पडलं. त्या वाटाघाटीत इंग्रजांनी आधी सांगितलं होतं, की तह करायचा अधिकार आमच्याकडे नाही. मग सही केली, आणि पुढे वरिष्ठांनी तो करार मानलाच नाही. शाळेत हे 'इंग्रजांचा विश्वासघात' म्हणून शिकवतात. विश्वासघात होताच. पण वही पाहिली की दिसतं, इंग्रजांच्याच गॉडर्डची फौज बुंदेलखंडातून निघून मध्य हिंदुस्थान ओलांडत होती आणि फेब्रुवारीअखेर ती सुरतेला पोचली. वडगावच्या सहीनं इंग्रजांना नेमका हवा होता तेवढा अवधी मिळाला.

हाच डाव उलटा खेळून दाखवला तो नानांनी. १७ मे १७८२ ला ग्वाल्हेरजवळ सालबाईला महादजी शिंदे आणि इंग्रजांचा अँडरसन यांनी तह ठरवला. गव्हर्नर जनरल हेस्टिंग्जची मंजुरी जूनमध्येच आली. नानांची आली थेट फेब्रुवारी १७८३ मध्ये. पहिल्या वाचनात मला ही नानांची नेहमीची काटकूट वाटली होती, महादजींवरचा रुसवाही वाटला होता. मग वहीत त्या महिन्यांच्या बाजूला दक्षिणेतल्या नोंदी भरल्या. हैदर अली कर्नाटकात इंग्रजांशी लढत होता आणि या तहावर पुण्याची सही झाली की तो एकटा पडणार होता. तो लढतोय तोवर इंग्रजांना घाई होती, नानांना नव्हती. सही न करणं हीच नानांच्या हातातली फौज होती. ७ डिसेंबरला हैदर वारला. थांबण्यात आता नफा उरला नव्हता आणि सही झाली. साष्टी इंग्रजांकडेच राहिली, वसई परत मिळाली, राघोबांना दरमहा पंचवीस हजार. तहाची कलमं पाठ करणाऱ्या विद्यार्थ्याला मधले ते नऊ महिने कधीच दिसत नाहीत. माझ्या लेखी सालबाईचा तह त्या नऊ महिन्यांतच आहे.

नाकारलेलं कलमही असंच बोलतं. १६७४ साली राज्याभिषेकाच्या वेळी इंग्रज वकील हेन्री ऑक्झिंडेन रायगडावर आला. राजापूरच्या लुटीची भरपाई आणि व्यापाराच्या सवलती त्याला हव्या होत्या. बरीचशी कलमं मान्य झाली. पण किनाऱ्याला फुटलेल्या जहाजांचा माल परत द्यावा, हे महाराजांनी मान्य केलं नाही. कोकणची वहिवाट तशी नाही, असं उत्तर मिळालं. वकिलाला गोड बोलायचं, नजराणे घ्यायचे आणि किनाऱ्यावरचा हक्क सोडायचा नाही. याच मुक्कामातली एक गंमत इंग्रजांच्या कागदांत आहे. इंग्रज मंडळी रोज इतकं मटण खात, की त्यांना ते पुरवणारा म्हातारा खाटीक एवढं खाणारी माणसं पाहायला मुद्दाम गड चढून आला. रामचंद्रपंत अमात्यांच्या आज्ञापत्रात टोपीकरांबद्दल, म्हणजे युरोपीय व्यापाऱ्यांबद्दल, जो सावधपणा आहे, तो अशा वर्षानुवर्षांच्या जवळच्या पाहण्यातून आला. हे नुसते सावकार नव्हेत, यांच्या मागे राजे आहेत, तेव्हा किनाऱ्याला यांना पक्की जागा देऊ नये.

वकिलाचं पत्र मी शेवटाकडून वाचते. सुरुवातीला आर्जवं, मग भेटीगाठी, वस्त्रं, कोण कोणाच्या डेऱ्यात किती वेळ बसलं त्याचा तपशील, मग बाजारातल्या वावड्या. शेवटी बहुधा खर्चाची ओढ. तिथे माणूस खरं बोलतो. दिल्लीचे हिंगणे असोत की भागानगरचे काळे, त्यांना धन्याला आवडेल ते लिहायचं असतं, पण कर्ज किती झालं हे लपवता येत नाही. ज्या वकिलाचा सावकार पाठीशी आहे तो दरबारात ताठ बोलतो. ज्याचं देणं थकलं आहे त्याच्या बातम्याही घाबऱ्या होतात.

ही ओढ फौजेलाही चुकत नाही. पानिपतावर दोन्ही फौजा नोव्हेंबरपासून समोरासमोर होत्या. रसद पुरवणारे गोविंदपंत बुंदेले डिसेंबरात मारले गेले, रसद तुटली, छावणीत दाणा संपला. १४ जानेवारी १७६१ चा दिवस मराठ्यांचे सेनापती भाऊसाहेब यांनी निवडला नव्हता, तो उपासानं निवडला. नानासाहेब पेशव्यांना दहा दिवसांनी भेलशाला बातमी मिळाली. त्या दहा दिवसांत त्यांनी केलेल्या प्रत्येक बेताला आपण आज हसू शकतो, कारण आपल्याला निकाल ठाऊक आहे. निकाल झाकून वाचणं हेच या वाचनातलं सगळ्यात अवघड काम आहे.

आणि राघोबांचे चिरंजीव, दुसरे बाजीराव पेशवे. २५ ऑक्टोबर १८०२ ला, आमच्याच सोलापूर रस्त्यावर, हडपसरला यशवंतराव होळकरांनी पेशव्यांचा पराभव केला. बाजीराव कोकणात उतरले आणि ३१ डिसेंबरला वसईला इंग्रजांच्या तहावर सही करून मोकळे झाले. सहा हजारांची इंग्रजी फौज कायमची आणि तिच्या खर्चाला सव्वीस लाखांचा मुलूख. बाप-लेकांच्या दोन तहांत सत्तावीस वर्षांचं अंतर आहे, पण घाई तीच.

थांबणं म्हणजे धीर, असं कोणी समजेल. ते तसं नाही, हे मला रंगो बापूजींनी शिकवलं. साताऱ्याच्या प्रतापसिंह महाराजांना कंपनीनं १८३९ मध्ये पदच्युत केलं, तेव्हा त्यांचे वकील म्हणून रंगो बापूजी गुप्ते लंडनला गेले. महाराज आणि कंपनी यांच्यातला १८१९ चा तह त्यांनी कलमागणिक वाचला होता. अर्ज, भाषणं, छापील पत्रकं, कशात कसूर केली नाही. चौदा वर्षं. तेवढ्यात महाराज काशीला वारले, सातारा खालसा झाला, वकील कर्जात बुडाले. कंपनीनं त्यांचा मुद्दा खोडून काढण्याचीही फारशी तसदी घेतली नाही. ती फक्त थांबली. नानांनी सालबाईला जे शस्त्र वापरलं तेच इथे आपल्या माणसावर चाललं. रंगो बापूजींकडे धीर अमाप होता, थांबण्याची ऐपत नव्हती. ते १८५३ च्या अखेरीस परतले, १८५७ च्या उठावाच्या कटात पडले आणि नंतर दिसेनासे झाले. त्यांचा मुलगा सीताराम याला साताऱ्यात मृत्युदंड झाला.

नोकरी संपली तरी स्पर्धा परीक्षेची पोरं येतात. २०२३ च्या अखेरीस लाल समुद्रात जहाजांवर हल्ले सुरू झाले, युरोपला जाणारा माल आफ्रिकेला वळसा घालून जाऊ लागला, तेव्हा इथल्या द्राक्ष आणि डाळिंबवाल्यांनाही परराष्ट्र धोरणाची चौकशी करावीशी वाटली. एकानं विचारलं, "बाई, हे किती दिवस चालणार?" भविष्य मला सांगता येत नाही. त्याला मी वहीचे रकाने आखून दिले आणि शेवटी एक जादा रकाना घालायला लावला. त्यात चारच नोंदी करायच्या: दाणागोटा किती, शिपायांचा पगार किती थकला, ऋतू कोणाच्या बाजूचा आणि घरात फूट आहे का. बातम्यांत कोण जास्त गर्जतोय ते लिहायला त्यात जागा ठेवलेली नाही. या चारांची उत्तरं जुळली, की तहाच्या मसुद्यात कोण वाकणार याचा अंदाज सही व्हायच्या आधी बांधता येतो. पुष्कळदा तो चुकतो, पण चुकला तर चारांपैकी कोणती नोंद राहून गेली, हे शोधता येतं.