तारामती, सीता आणि राम

अण्णा साळुंके यांच्याविषयी बहुतेकांना एकच गोष्ट ठाऊक असते. ‘राजा हरिश्चंद्र’साठी दादासाहेब फाळके तारामतीच्या शोधात वणवण फिरले, जाहिराती दिल्या, वेश्यावस्तीतही विचारून पाहिले, कॅमेऱ्यासमोर उभी राहायला कोणी बाई तयार होईना. अखेर ग्रँट रोडच्या एका हॉटेलात काम करणाऱ्या, नाजूक अंगकाठीच्या तरुणावर त्यांची नजर गेली आणि दहाऐवजी पंधरा रुपये पगार कबूल करून त्यांनी त्याला राणी केले. गोष्ट रंगतदार आहे. बहुधा थोडीफार रंगवलेलीही. पण तिच्यामुळे एका माणसाची सगळी कारकीर्द एका योगायोगात गुंडाळली जाते. बाई मिळाली नाही म्हणून लावलेले ठिगळ, एवढीच त्यांची ओळख उरते. ती अपुरी आहे असे मला वाटते, कारण खुद्द फाळक्यांचा पुढचा एक निर्णय तिच्यात बसत नाही.

१९१७ च्या ‘लंकादहन’मध्ये साळुंके सीता झाले आणि रामही झाले. सीतेचा उलगडा अडचणीने होतो. १९१३ मध्येच ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये दुर्गाबाई कामत पार्वती आणि त्यांची मुलगी कमला मोहिनी म्हणून पडद्यावर आल्या होत्या, पण या मायलेकी मुळात नाटकातल्या. त्यांच्यामागोमाग फाळक्यांच्या दारी स्त्रियांची रांग लागली नाही. तेव्हा सीतेसाठी पुन्हा पुरुषच घ्यावा लागला, हे मान्य. रामाचे काय? पुरुषांचा तर तुटवडा नव्हता. हरिश्चंद्र झालेले दाबके होते, हनुमानाला गणपत शिंदे मिळाले होते. कोणी म्हणेल, एका पगारात दोन कामे उरकली. काटकसर ही फाळक्यांची गरजच होती, त्यामुळे हा आक्षेप झटकून टाकता येत नाही. पण काटकसर करायला राम ही फार महागडी जागा. पडद्यावर राम येताच प्रेक्षक पायांतल्या वहाणा काढत, असे सांगतात. ज्याला सीता म्हणून पाहायचे त्यालाच त्या श्रद्धेपुढे राम म्हणून उभे करायचे, हा धोका चार आण्यांच्या बचतीसाठी कोणी पत्करत नाही. हा माणूस दोन्ही पेलेल, अशी फाळक्यांची खात्री असली पाहिजे. आणि ती तारामतीनंतर चार वर्षांनी झालेली खात्री आहे, हॉटेलातल्या पहिल्या नजरेतली नव्हे. कथेत बराच काळ सीता अशोकवनात आणि राम समुद्रापलीकडे, म्हणून हे जमले, असाही एक मुद्दा निघू शकतो. त्याने दिग्दर्शकाची सोय झाली असेल. नटाचे काम त्यामुळे हलके होत नाही. आत्ता पाहिलेला देह पुढच्या दृश्यात प्रेक्षकाला विसरायला लावायचा, हे त्याचे त्यालाच करायचे होते.

याहून वजनदार आक्षेप रंगभूमीकडून येतो. मराठी नाटकात भाऊराव कोल्हटकरांपासून बालगंधर्वांपर्यंत स्त्रीपार्टाची थोर परंपरा असताना साळुंक्यांनी नवे काय केले? उत्तर आवाजात आहे. रंगभूमीवरच्या नायिकेला गळा होता. गाणे लागले की प्रेक्षक अंगकाठी विसरत. मूकपटात तो आधार नाही. वर कॅमेरा बहुतेक एका जागी, अंतरावर, नटाला नखशिखांत दाखवणारा. फिल्म अशी की तिला लाल रंग दिसेना. लालभडक कुंकूही काळे उमटे. उजेड उन्हाचा, त्यात लपवायला फारसे काही नाही. सीतेच्या दंडाचे स्नायू दिसत, असे आजही हसून सांगितले जाते. पण स्नायू दिसत असताना लोकांनी ती सीता मानली, यात हसण्यापेक्षा विचार करण्यासारखे अधिक आहे. उलट बाजूचा दाखला तिसाच्या दशकातला. बालगंधर्व ‘साध्वी मीराबाई’त स्त्रीवेषात बोलपटाच्या पडद्यावर आले. गळा तोच, कीर्ती तीच, तरी चित्रपट पडला. तोवर प्रेक्षक पडद्यावर नट्या पाहायला सरावला होता, ही सबब आहे आणि ती खरीही आहे. तरीही रंगभूमीवरचे कसब जसेच्या तसे पडद्यावर चालत नाही, एवढे त्यातून ठरते. साळुंके जे करत होते ते वेगळेच काम होते, आणि ते शिकवणारे तेव्हा देशात कोणी नव्हते.

राहिला पुराव्याचा प्रश्न. ‘राजा हरिश्चंद्र’ची म्हणून पहिले आणि शेवटचे अशी दोनच रिळे दाखवली जातात, आणि तीही १९१७ च्या नव्याने केलेल्या आवृत्तीची असावीत असे अनेक अभ्यासक मानतात. ‘लंकादहन’चे काही तुकडेच उरले. एवढ्यावरून साळुंके थोर नट होते असे म्हणणे आगाऊपणा ठरेल, आणि मी ते म्हणतही नाही. माझे म्हणणे इतकेच, की ते नट होते. अपघाताने आले आणि कामाने टिकले. पुढे विसाच्या दशकात ते कॅमेऱ्यामागे गेले, छायाचित्रकार झाले, ही गोष्ट माझ्या म्हणण्याला बळ देते. पडद्यावर आपला चेहरा कसा पडतो हे वर्षानुवर्षे निरखल्याशिवाय माणूस सहसा त्या यंत्राच्या मागे जात नाही. हे अर्थात माझे अनुमान. पण हॉटेलच्या किश्श्यापेक्षा त्याला आधार जास्त आहे. चित्रपटाचा इतिहास लिहिणाऱ्यांनी तो किस्सा जरूर सांगावा. फक्त साळुंक्यांची ओळख करून देताना सुरुवात १९१७ च्या रामापासून करावी.