पांचगणीच्या शाळेंतला फारोख

वाईस ढोल्या गणपतीचें दर्शन घेऊन आणि कृष्णेच्या घाटावर घटकाभर टेकून पांचगणीची वाट धरली, म्हणजे पसरणी गांवाशीं चढ लागतो. वाशीमहून निघाल्याचा आमचा हा दुसरा दिवस. वऱ्हाडची काळी, उघडी सपाटी पाहण्यास सरावलेले डोळे या वळणांवर प्रथम गांगरतात. मग खालीं धोम धरणाचें पाणी आणि त्यापलीकडे डोंगरांच्या निळ्या ओळी दिसूं लागल्या, कीं स्थिरावतात. पसरणी हें शाहीर साबळे यांचें जन्मगांव. १९२३ सालीं या घाटाच्या पायथ्याशीं जन्मलेल्या या शाहिरानें डफाच्या थापेवर सारा महाराष्ट्र डोलविला. आणि घाटाच्या माथ्यावर, येथून जेमतेम तीन-चार कोसांवर, १९५५ च्या सुमारास एक आठ वर्षांचा पारशी मुलगा शिकावयास येऊन राहिला. त्यानें पुढें पियानोपुढें बसून इंग्लंड-अमेरिका डोलविली. फ्रेडी मर्क्युरी या नांवानें जग त्यास ओळखतें. घरच्या तरुण मंडळींस हें सांगावें लागत नाहीं. त्याच्या आयुष्यावर २०१८ मध्यें चित्रपट निघाल्यापासून तर आमच्या माजघरांतहि त्याचीं गाणीं ऐकूं येतात. वडील मंडळींसाठीं मात्र थोडें विस्तारानें लिहिणें अवश्य आहे.

आमच्या प्रवासाचें कारण गाणें नव्हतें. पुतण्याच्या मुलास नुकतेंच आठवें लागलें, आणि त्यास पांचगणीच्या एखाद्या शाळेंत ठेवावें असें पुतण्याच्या मनानें घेतलें. घरांत दोन तट पडले. थोरल्या वहिनींचें म्हणणें असें: "आठव्या वर्षीं मूल आईपासून दूर करण्याची चाल आपल्यांत मुंजीपुरती होती. आईच्या ताटांत जेवायचें आणि गुरुगृहाची वाट धरायची. आतां मातृभोजन तेवढें राहिलें, गुरुगृह गेलें. तें गेलें तें बरेंच झालें." यावर पुतण्याचें उत्तर तयार होतें. वाईस प्राज्ञपाठशाळेंत परगांवचे विद्यार्थी येऊन शिकत नव्हते काय? खुद्द विनोबा तेथें शिकले. "विनोबांनीं तेव्हां विशी ओलांडली होती," इतकेंच वहिनी म्हणाल्या. हा वाद तसाच गाठोड्यांत बांधून, आणि वहिनींनाहि बरोबर घेऊन, आम्ही निघालों होतों.

दांडेघर, गोडवली, अमराळ, खिंगर व तायघाट या पांच गांवांच्या मधली ती पांचगणी. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धांत जॉन चेसन नांवाच्या इंग्रजानें येथें वस्ती केली व देशोदेशींचीं झाडें लाविलीं. रस्त्याच्या दुतर्फा जे उंच, रुपेरी पानांचे सिल्व्हर ओक दिसतात ते त्या हौशीचेच वारस. जागा समुद्रसपाटीपासून चार हजार फुटांहून अधिक उंच, पण महाबळेश्वराच्या आडोशाला. त्यामुळें पाऊस तेथल्यापेक्षां पुष्कळच कमी. महाबळेश्वर पावसाळ्यांत ओस पडे तेव्हांहि येथें राहतां येई. म्हणून बारमाही मुक्काम करणाऱ्या दोन प्रकारच्या माणसांची ही वसाहत झाली: एक शाळेचीं मुलें आणि दुसरे क्षयाचे रोगी. दोघांनाहि घरच्यांनीं हवेसाठीं म्हणून येथें आणून सोडलेलें. त्या रोग्यांकडे पुढें वळूंच.

फारोख बलसारा याचा जन्म ५ सप्टेंबर १९४६ रोजीं झांझिबार बेटावर झाला. वडील बोमी तेथील न्यायालयांत इंग्रज सरकारचे रोखपाल. मूळचें घराणें गुजराथेंतलें, आडनांव बलसार अथवा वलसाड या गांवावरून पडलेलें. मुलास चांगलें इंग्रजी शिक्षण मिळावें म्हणून आईबापांनीं त्यास अरबी समुद्रापलीकडून येथें सेंट पीटर्स शाळेंत धाडिलें. मधल्या सुट्या मुंबईस आप्तांच्या घरीं जात. आईचें दर्शन फार दिवसांनीं होई. या मुलास वरच्या जबड्यांत चार दांत अधिक होते, त्यामुळें पुढचे दांत बाहेर येत; पोरें त्यावरून चिडवीत. सोबत्यांनींच त्याचें फारोखचें फ्रेडी केलें. तो टेबल टेनिस खेळे, मुष्टियुद्ध करी. संगीताचा त्याचा कान पाहून शाळेनें घरीं कळविलें, आणि जादा शुल्क भरून त्याची पियानोची शिकवणी सुरू झाली. चौथ्या श्रेणीपर्यंतच्या परीक्षा तो उतरला. मुंबईंत कानांवर पडलेल्या लताबाईंच्या गाण्याचाहि त्याच्या मनावर ठसा होता असें त्याचे चरित्रकार सांगतात.

बाराव्या वर्षाच्या सुमारास पांच मुलांनीं मिळून 'हेक्टिक्स' नांवाचा वाद्यवृंद काढला. मौज अशी, कीं त्यांत मुख्य गायक दुसराच मुलगा होता. फ्रेडी नुसता पियानो वाजवी. जीं विलायती गाणीं हीं मुलें बसवीत त्यांतलीं कित्येक क्लिफ रिचर्डचीं असत, आणि तो क्लिफ रिचर्ड स्वतः १९४० सालीं आमच्या लखनौस जन्मलेला! लखनौचा मुलगा इंग्लंडांत गावा आणि त्याचें गाणें सातारा जिल्ह्यांतल्या डोंगरावर झांझिबारच्या पारशाच्या मुलानें वाजवावें, असा तो इंग्रजी साम्राज्याच्या उतरणीचा विलक्षण काळ होता.

टेबललँडच्या लाल जांभ्या पठारावर उभे राहून आम्ही हें सर्व नातवास सांगत होतों. शाळांचीं कौलें खालीं दिसत होतीं. पुतण्यानें उत्साहानें एकेक शाळा दाखविली. मुलानें सर्व ऐकून घेतलें आणि विचारलें, "रात्रीं ताप आला तर हाक कुणाला मारायची?" वहिनी कांहीं बोलल्या नाहींत. पुतण्यानें वसतिगृहाच्या व्यवस्थापिकेविषयीं बरेंच सांगितलें, पण तें सांगतांना तोच मधें दोनदां अडखळला. आम्ही पक्ष घेणार नाहीं असें ठरवून आलों होतों. तरी येथें एक गोष्ट नोंदविली पाहिजे. वसतिगृहानें मला माझ्या पायांवर उभें राहण्यास शिकविलें, असें फ्रेडी पुढें सांगत असे. तें खोटें नसावें. पण मुलाखतींत तो पांचगणीविषयीं किंवा झांझिबारविषयीं क्वचितच बोले, हेंहि तितकेंच खरें.

१९६३ च्या आरंभीं तो शाळा सोडून झांझिबारला परतला. पुढच्याच जानेवारींत तेथें राज्यक्रांति झाली. जिवावरचें संकट पाहून बलसारा कुटुंब इंग्लंडला गेलें व लंडनजवळ फेल्थम येथें राहूं लागलें. फ्रेडीनें ईलिंगच्या कलाशाळेंत चित्रकलेचा अभ्यास करून १९६९ मध्यें पदविका घेतली. जुन्या कपड्यांचें दुकान चालविलें, कांहीं दिवस विमानतळावर सामान उचललें. १९७० मध्यें ब्रायन मे व रॉजर टेलर यांच्याशीं मिळून त्यानें 'क्वीन' हा वृंद उभा केला. जॉन डीकन पुढच्या वर्षीं येऊन मिळाला. त्या वृंदाचें चिन्ह चौघांच्या राशींवरून फ्रेडीनेंच रेखाटलें. याच सुमारास त्यानें बलसारा हें आडनांव टाकून मर्क्युरी, म्हणजे बुध, हें नांव घेतलें.

नांव टाकल्याबद्दल वहिनींनीं त्यास दोष दिला. आम्हांस तितकेंसें वाटलें नाहीं. आमच्या गांवाचेंच पाहा: वाकाटकांच्या वेळीं तें वत्सगुल्म, इंग्रजांच्या दप्तरीं बासीम, आणि आज वाशीम. जुनें नांव लोक विसरलेले. १९३९ सालीं गांवांतच दुसऱ्या विंध्यशक्तीचा ताम्रपट सांपडला तेव्हां वत्सगुल्म हें नांव असलेला पुरावा पुन्हां हातीं आला. माणसाचा ताम्रपट मात्र कोठें पुरलेला असतो तें सांगवत नाहीं.

त्याच्या संगीताविषयीं आमचें मत विचाराल, तर पहिल्यानें आम्हांस तो निव्वळ गोंगाट वाटला. मग नातवंडांनीं १९७५ चें 'बोहेमियन ऱ्हॅप्सडी' दोन-तीनदां ऐकविलें. एकाच गीतांत करुण आलाप, मग इटालियन संगीत नाटकासारखा अनेक आवाजांचा गोफ, मग वाद्यांचा कडकडाट. सारें मिळून जवळजवळ सहा मिनिटें. इतकें लांब गाणें नभोवाणीवर कोण लावील, असें धंद्यांतले लोक म्हणत होते. तें नऊ आठवडे इंग्लंडांत पहिलें राहिलें. परंतु आम्हांस खरा माणूस दिसला तो १३ जुलै १९८५ च्या चित्रफितींत. इथिओपियाच्या दुष्काळग्रस्तांसाठीं लंडनच्या वेंब्ली मैदानावर जलसा झाला. सुमारें बहात्तर हजार माणसें जमलीं होतीं आणि 'क्वीन'च्या वांट्यास अवघीं वीस-एक मिनिटें आलीं. मधेंच वाद्यें थांबवून हा गडी एक तान घेतो, लोक ती परत देतात. दुसरी घेतो, तीहि देतात. पवाड्यांत शाहिरामागें झीलकरी असतात ना, तसे येथें बहात्तर हजार झीलकरी! पसरणीच्या शाहिरानें पाहिलें असतें तर मान डोलविली असती.

त्याचें खाजगी आयुष्य रूढ चाकोरींतलें नव्हतें, आणि तें झाकून ठेवण्यांत त्याचीं वर्षें गेलीं. तरुणपणीं जिच्याशीं लग्न व्हावयाचें राहिलें त्या मेरी ऑस्टिनवर त्यानें शेवटपर्यंत विश्वास टाकला. अखेरचीं वर्षें जिम हटन हा त्याचा सहचर होता. एड्सचा रोग जडल्याचें त्यानें जगापासून लपविलें. २३ नोव्हेंबर १९९१ रोजीं त्यानें तें प्रसिद्धपणें सांगितलें, आणि दुसऱ्या दिवशीं, वयाच्या पंचेचाळिसाव्या वर्षीं, लंडनच्या घरीं त्याचा अंत झाला. अंत्यविधि पारशी धर्मगुरूंनीं अवेस्ता म्हणून केला. मग दहन झालें.

आतां ते रोगी. पांचगणींत 'बेल एअर' नांवाचें आरोग्यधाम आहे. डॉ. रुस्तुमजी बिलिमोरिया या पारशी वैद्यानें १९१२ सालीं क्षयरोग्यांसाठीं तें स्थापिलें. पुढें तें रेडक्रॉसकडे आलें. आणि क्षयाची दहशत ओसरल्यावर, फ्रेडीच्या मृत्यूनंतरच्या वर्षांत, तेथें एड्सच्या रोग्यांची शुश्रूषा होऊं लागली. ज्यांना घरांनीं दार लाविलें अशीं कित्येक माणसें तेथें उपचारास आलीं.

या आरोग्यधामाच्या रस्त्यावर वहिनी थांबल्या आणि त्यांनीं जें सांगितलें तें आमच्यापैकीं कोणासहि ठाऊक नव्हतें. आमच्या आजोबांच्या धाकट्या भावास तरुणपणीं क्षय झाला. त्यांस पांचगणीस आणून ठेविलें, आणि वाशीमांत नोकरीनिमित्त मुंबईस गेले असें सांगितलें. घरांत तीन मुली लग्नाच्या होत्या. रोगाचें नांव फुटलें असतें तर स्थळें फिरलीं असतीं. ते गेल्याचें पत्र आलें तेव्हांहि सुतक मुंबईचें म्हणूनच पाळलें. वहिनींना हें त्यांच्या सासूबाईंनीं मरणाच्या आधीं सांगितलें होतें.

शाळेचा प्रवेशाचा कागद पुतण्यानें आणला होता. तो या वर्षीं भरावयाचा नाहीं, मुलगा चौदा वर्षांचा झाला म्हणजे त्यास पुन्हां विचारावयाचें, असें घाट उतरतांनाच ठरलें. वाशीमास परतल्यावर देवघरांतली वंशावळीची वही काढिली. चुलत आजोबांच्या नांवापुढें मृत्यूचें ठिकाण मुंबई असें लिहिलेलें होतें. तें खोडून वहिनींनीं स्वतःच्या हातानें पांचगणी असें लिहिलें.