दोन पातेली, एक दस्तरखान

जपानात संसार मांडला तेव्हा बाजारातल्या आसारी आम्हा कोकणी मुसलमानांना आपल्या तिसऱ्यांच्या बहिणीच वाटल्या. अडचण शिंपल्यांची नव्हती, मिसोची होती. सोयाबीन, मीठ आणि कोजीची बुरशी लावलेला तांदूळ महिनोन्‌महिने मुरवून मिसो होतो. पण आंबणं थांबावं, पाकीट फुगू नये म्हणून काही कारखाने त्यात वरून मद्यार्क घालतात. लेबलावर त्याला 'शुसेई' म्हणतात. जपानी लिपीतली आम्ही सर्वांत आधी ओळखायला शिकलो ती ही दोन अक्षरं. ती नसलेला मिसोच आमच्या घरात येतो.

लिटरभर पाण्यात 30 ग्रॅम मीठ घालून आसारी दोन-तीन तास अंधारात ठेवल्या की रेती टाकतात. मग चोळून धुवायच्या आणि थंड पाण्यातच चुलीवर चढवायच्या. तोंडं उघडली की फेस काढून गॅस बंद करायचा, मगच मिसो विरघळवायचा. उकळला तर त्याचा वास उडतो. वेगळा 'दाशी' लागत नाही, शिंपल्यांचाच अर्क पुरतो. वरून पातीचा कांदा.

आम्ही शाफई, आम्हांला शिंपले चालतात. हनफी मेहमान येणार असले की दुसऱ्या पातेल्यात, कोम्बू भिजवलेल्या पाण्यात मासळीचे तुकडे शिजतात. कुणी कुणाला मसले समजावत बसत नाही. परमुलखात आपली माणसं आधीच थोडी. ती एका वाटीपायी दुरावू नयेत.