चित्रगुप्ताचा रकाना

माझे वडील एका तालुक्याच्या कचेरीत एकतीस वर्षे रेकॉर्ड कीपर होते. कचेरीतले लोक त्यांना 'चित्रगुप्त' म्हणत. त्यात आदर किती आणि चेष्टा किती, हे मला लहानपणी उमगले नाही. पुढे साहित्याचा अभ्यास करू लागल्यावर चित्रगुप्त या व्यक्तिरेखेविषयी मी एका चर्चासत्रात निबंध वाचला आणि त्यात, त्या काळच्या रीतीप्रमाणे, नोंद म्हणजे सत्ता, दप्तर म्हणजे दमनाचे यंत्र, असे बरेच काही सिद्ध केले. तो निबंध आज मला अपुरा वाटतो. खोटा नव्हे, अपुरा.

पुराणांनी चित्रगुप्ताला जन्म दिला, चरित्र दिले नाही. ब्रह्मदेवाच्या कायेतून तो दौत-लेखणीसह प्रकटला. म्हणजे त्याला बालपण नाही, उमेदवारीही नाही. गरुडपुराणाच्या सारोद्धारात मात्र त्याच्या कामाची एक विलक्षण पद्धत सांगितली आहे. यम त्याला जीवाचे पापपुण्य विचारतो, आणि चित्रगुप्त सर्वज्ञ असूनही ते श्रवणांना विचारतो. श्रवण म्हणजे मर्त्यलोकीचे सारे पाहून-ऐकून येणारे ब्रह्मपुत्र. माझ्या निबंधात श्रवण होते, हेरगिरीचा पुरावा म्हणून. 'असूनही' हा शब्द तेवढा निसटला होता. ज्याला सारे ठाऊक आहे त्याने विचारावे का? आपले ज्ञान ही नोंद नव्हे, एवढे त्याला कळते, म्हणून.

या अद्भुत कचेरीच्या कथा घडतात त्या बहुधा चुकीतून. महाभारताच्या अनुशासनपर्वात यमदूताला पर्णशाला गावातून शर्मी नावाच्या ब्राह्मणाला आणावयास सांगितले जाते, त्याच नावागोत्राच्या दुसऱ्याला आणू नको असेही बजावले जाते, आणि दूत नेमका त्या दुसऱ्यालाच घेऊन येतो. यम त्याचा सत्कार करतो. पण त्याने तेथेच राहू देण्याची विनंती केली तरी काळाच्या आज्ञेवाचून ठेवून घेता येत नाही म्हणून त्याला परत धाडतो. हरिशंकर परसाईंच्या 'भोलाराम का जीव' या हिंदी कथेत चित्रगुप्त चष्मा पुसून रजिस्टरे चाळतो, तरी जीव सापडत नाही. तो पेन्शनच्या फायलीत अडकलेला असतो आणि स्वर्गाचे आमंत्रण आले तरी तेथून हलावयास तयार नसतो. जोसे सारामागो यांच्या १९९७ च्या 'सर्व नावे' या पोर्तुगीज कादंबरीत नोंदणी-कार्यालयाचा प्रमुखच अखेरीस कारकुनाला सुचवतो की मृत स्त्रीचे नवे कार्ड कर, त्यावर मृत्यूची तारीख घालू नकोस.

ही शेवटची सूचना वाचताना मी पुस्तक मिटून ठेवले होते.

माझ्याआधी माझी एक बहीण झाली होती. अकरा महिन्यांची होऊन गेली. गावच्या नमुना चौदामध्ये तिच्या जन्माची नोंद 'मुलगी' एवढीच होती, नावाचा रकाना कोरा. पुढे ते रजिस्टर इतर गावांच्या कागदांबरोबर रुमालात बांधले जाऊन वडिलांच्याच ताब्यात आले. आई एकदा म्हणाली, "अहो, तेवढं नाव तरी लिहा तिचं." वडील म्हणाले, "माझ्या ताब्यातल्या कागदावर मी लिहायचं नसतं. मला ठाऊक आहे, एवढ्यानं नोंद होत नाही." पुन्हा हा विषय घरात निघाला नाही. मी मात्र मनात त्यांना कठोर ठरवून टाकले, आणि आज वाटते, तो चर्चासत्रातला निबंध बराचसा त्यांच्याविरुद्धच लिहिला होता.

ते गेल्यानंतर माझ्या जन्मनोंदीची नक्कल काढण्यासाठी मी त्या खोलीत गेलो. डांबराच्या गोळ्यांचा तोच वास. नव्या रेकॉर्ड कीपरने रुमाल सोडला, धूळ झटकली आणि माझे पान शोधता शोधता आधीच्या वर्षांची पाने उलटली. ती ओळ दिसली. तारीख, बापाचे नाव, गाव. पुढचा रकाना कोराच. त्या पानाचा खालचा कोपरा मात्र शेजारच्या पानांपेक्षा मळलेला होता, वारंवार तेथेच अंगठा लागावा तसा. कदाचित तसे नसेलही. पुराव्यावाचून अन्वय लावण्याची आम्हा समीक्षकांना खोड असते, आणि वडिलांनी असला पुरावा ग्राह्य धरला नसता.

माझी नक्कल घेऊन मी परतलो. आईने विचारले तेव्हा पान शाबूत आहे, एवढेच तिला सांगितले.