घरचा चुना

घराला रंग द्यायचा म्हटलं की आमच्या मोहल्ल्यातला प्रत्येक पुरुष पेंटर होतो. ब्रश विकत आणला की कसब आपोआप हातात येतं, असा सर्वांचा ठाम समज! आमचे अब्बा त्यातलेच. सोलापूरच्या कापडगिरणीत त्यांचं उभं आयुष्य गेलं. गिरणी बंद पडली आणि रिकाम्या हातांना घरातल्या भिंती दिसू लागल्या.

2013 साली रमजान ईद ऑगस्टमध्ये आली. चांद्रवर्ष सुमारे अकरा दिवसांनी लहान, म्हणून ईद सगळ्या ऋतूंतून फिरते. चुन्याला मात्र ऊन लागतं. अब्बांनी चुनकळी आणली, प्लॅस्टिकच्या बादलीत टाकली आणि वरून पाणी ओतलं. चुना खदखदला, बादली वाकडी झाली. अम्मी म्हणाली, "क्या जी, दीवार कू लाए चुना, बालटी कू लगाए?"

चुनकळीत पाणी पडलं की प्रचंड उष्णता बाहेर पडते, हे मी वर्गात उर्दूतून शिकवतो. पण बापाला रसायनशास्त्र कोण शिकवणार?

ओला चुना भिंतीवर फिका दिसतो, वाळल्यावरच पांढरा होतो. पातळ हात मारून थांबायचं असतं. अब्बांना थांबणं ठाऊक नव्हतं. त्यांनी हातावर हात चढवले. वर निळीची अख्खी पुडी! डिंक घालायचा राहिला तो राहिलाच. पावसाळी हवेत भिंत वाळेना. ईदच्या दिवशी शिरखुर्मा घ्यायला आलेला जो पाहुणा भिंतीला टेकला, तो पाठीवर निळसर नकाशा घेऊन परतला.

सगळे हसले. अब्बाही हसले. पण रात्री ते एकटेच भिंतीवरून हात फिरवत उभे होते. पोपडा सुटला की तिथेच दाबून बसवत होते. मजूर लावायला पैसे नव्हते हे खरंच. पण बारा वर्षांत कुणी 'हे काम तुम्ही करा' असंही त्यांना म्हटलं नव्हतं. अम्मीनं ते ओळखलं. दुसऱ्या दिवशी तिनं मोडक्या फळीचं काम काढलं. ती फळी आजही उतरती आहे. डबे घसरतात, पण ती काढू देत नाही.

आता अब्बांचा हात थरथरतो. गेल्या वर्षी मी पेंटर बोलावला. अब्बा खुर्ची टाकून दिवसभर त्याच्यासमोर बसले. त्यानं दुसऱ्या हातासाठी ब्रश बुडवला, तसे ते गरजले, "ठैरो मियाँ! पहले दीवार सूकने देव!"